शूटिंग चालू आहे, दार वाजवू नये

मित्रांनो, मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे आणि पक्का भित्रा आहे. दोन्ही गोष्टी आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे तुम्ही मला नावं ठेवायला नकोत.

तुमच्या घरातल्या फोनमध्ये बसलेला कॅमेरा वेगळा आणि मी वेगळा. मी टेपवर चालतो. काडेपेटीहून जराशी मोठी टेप माझ्या पोटातल्या कप्प्यात घालायची, झाकण लावायचं, बटण दाबायचं, की माझ्या कपाळावरचा लाल दिवा लागतो आणि समोर जे घडेल ते मी उतरवत जातो. ते पुन्हा बघायचं असेल तर मलाच वायरने टीव्हीला किंवा कॉम्प्युटरला जोडावं लागतं. माझ्याशिवाय ती टेप म्हणजे नुसती प्लास्टिकची डबी. एवढं ध्यानात ठेवा, कारण पुढचा घोटाळा यातूनच वाढला.

माझा जन्म कारखान्यातला. तिथे सगळे पांढरे कोट घालून, तोंडाला फडकं बांधून काम करत. मला बनवताना त्यांनी जपलं, पुसलं, फुंकर घालून भिंगावरची धूळ उडवली. पण त्याच दिवशी माझ्या डोळ्यांदेखत माझ्या एका भावंडाला टेबलावरून मुद्दाम खाली टाकलं. का, तर मजबूत आहे का ते बघायला! तेव्हा माझी जी घाबरगुंडी उडाली ती अजून उतरलेली नाही. उंचीची भीती, पाण्याची भीती, धुळीची भीती. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात ते काही उगाच नाही.

मला विकत घेतलं ते दादाने. दादा लग्नाचं शूटिंग करायचा. माझा पट्टा मनगटाला दोन वेढे देऊन बांधायचा, म्हणून पडायची धास्ती जरा कमी झाली. ते दिवस मोठे मजेचे होते. मी दिसलो की मावश्या केस सारखे करायच्या, काका मंडळी पोट आत घ्यायची, आणि जेवणाच्या पंगतीत कोणीतरी हमखास ओरडायचं, "अहो, घास तरी गिळू द्या!" हजारो माणसं मी बघितली असतील. त्यातून एक गोष्ट शिकलो. माझा दिवा लागला की माणसाचा चेहरा बदलतो, आणि दिवा विझला की तो पुन्हा जागेवर येतो. कोणी नाक खाजवतं, कोणी जांभई देतं, नवरीमुलगी म्हणते, "झालं का एकदाचं? पायातले सँडल काढू का?" तो दिवा विझल्यानंतरचा चेहरा मला फार आवडायचा.

दादाला एक धाकटी बहीण होती. मी पिशवीतून बाहेर आलो रे आलो की ती कुठूनतरी धावत यायची आणि माझ्यासमोर उभी राहून दात दाखवायची. म्हणून घरात तिला सगळे छबी म्हणायला लागले. दादाच्या कितीतरी टेपांत नवरा-नवरीच्या मधून छबीचं डोकं वर येतं. त्यापायी दादाने लोकांची बोलणीही खाल्ली.

पुढे फोनमध्येच कॅमेरे आले आणि माझी किंमत शून्य झाली. दादाने नवीन यंत्र घेतलं. मला कपाटाच्या वरच्या फळीवर जुन्या रजयांच्या मागे ठेवलं. वहिनी, म्हणजे दादाची बायको, दर साफसफाईला म्हणायची, "हे भंगारात देऊया का हो?" तिथे किती वर्षं गेली ते मला सांगता यायचं नाही.

मग एक दिवस रजया बाजूला झाल्या आणि छबीचा हात आत आला. आता ती मोठी झाली होती, एका गल्लीतल्या तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत एकटी राहत होती. तिचं काम घरबसल्याच होतं. दुसऱ्यांच्या सिनेमांतले संवाद कानाला हेडफोन लावून ऐकायचे आणि टाइप करायचे. म्हणजे दिवसभर कानात माणसं आणि खोलीत कोणी नाही. आधी तिच्याबरोबर एक मैत्रीण राहायची. ती लग्न करून गेली, तिचा पलंगही गेला, आणि भिंतीवर पलंगाची रेघ तेवढी उरली.

छबीला एक लघुपट करायचा होता. प्रायोगिक लघुपट म्हणजे काय, हे दादाने विचारलंच.

"गाणं नाही, गोष्ट नाही, संवाद नाहीत," छबी म्हणाली. "एक खोली आणि एक बाई. ती बाहेर पडायचं बंद करते, एवढंच. एकटेपणा आतून कसा दिसतो ते दाखवायचंय."

"आणि हे कोण बघणार?"

"तू नको बघूस. तू लग्नं बघ."

सगळे हसले. कात्रीही हसली. कात्री म्हणजे छबीची मैत्रीण. दोघी एकाच फिल्म क्लबात जायच्या. ती एडिटिंग करायची, नको तो भाग काढून टाकायची, म्हणून तिला सगळे कात्री म्हणत, आणि तिची जीभही तशीच चालायची. लघुपटाचं नाव ठरलं, 'आतून कडी'. छबीला तो नव्या चकचकीत यंत्रावर नको होता. तिला माझं जरासं धुरकट, थरथरणारं चित्रच हवं होतं. खोटं कशाला सांगू, मी फुशारलो.

त्या दिवशी छबीने एक नियम केला. फिल्म पुरी होईपर्यंत ती कोणाशी बोलणार नाही, फोन घेणार नाही, कोणाला भेटणार नाही. भरलेल्या टेपा ती दाराबाहेर ठेवील, कात्रीने त्या घेऊन जायच्या. वहिनीचा डबा दादाने दाराशी ठेवायचा. आणि दाराला तिने जाड अक्षरांत लिहिलेला कागद चिकटवला : शूटिंग चालू आहे, दार वाजवू नये.

"याला म्हणतात झोकून देणं!" कात्री म्हणाली.

वहिनी मात्र कुरकुरली. "दार वाजवायचं नाही म्हणजे काय? घर आहे की तुरुंग?"

"अगं, कलाकार माणसं ती," दादा म्हणाला. "आपण मध्ये लुडबुड करू नये." आणि त्या दिवसापासून एकानेही दार वाजवलं नाही.

सुरुवातीला खूप छान चाललं होतं. छबी मला तिपाईवर बसवायची, हातातल्या रिमोटने माझा दिवा लावायची, माझ्यासमोर एकदा टाळी वाजवायची आणि स्वतःच स्वतःला "ॲक्शन" म्हणायची. मग ती दुसरीच बाई व्हायची. खांदे पडायचे, मान खाली जायची. ती बाई कडीपर्यंत हात न्यायची आणि मागे घ्यायची. नळाखाली पेला धरून पाणी वाहून जाईपर्यंत उभी राहायची. आणि मग छबी म्हणायची, "कट!"

हा 'कट' फार महत्त्वाचा बरं का. सिनेमावाल्यांचा तो शब्द. कट म्हटलं की नाटक संपलं. छबी कट म्हणाली की लगेच, "अगं बाई गं, पायाला मुंग्या!" म्हणून एका पायावर उड्या मारायची, माझ्याकडे बघून जीभ काढायची, बिस्किटाचा पुडा फोडायची. रिमोट तिला कधी पटकन सापडायचा नाही, त्यामुळे हे सगळंही टेपवर यायचं. मला तर खरी फिल्म तीच वाटायची.

मग तिने एका दृश्यासाठी खिडकीला आतून खाकी कागद लावले. दृश्य झालं, पण कागद काढले नाहीत. आरशावर चादर टाकली ती तशीच राहिली. मी म्हटलं, पुन्हा लागणार असेल. असं आपण स्वतःला समजावत राहतो.

आणि एक दिवस ती कट म्हणाली आणि तिचा चेहरा बदललाच नाही.

मी वाट बघितली. आता मुंग्या येतील, आता जीभ काढील. ती तशीच उभी राहिली, खांदे पाडून, त्या बाईसारखी. मग हळूच रिमोट दाबला. दुसऱ्या दिवशी तेच झालं आणि तिसऱ्या दिवशीही तेच. मित्रांनो, माझी पाचावर धारण बसली. एवढी लग्नं बघितलेला मी, दिवा विझल्यावरही तोच चेहरा ठेवणारं माणूस मी तोवर बघितलं नव्हतं.

डबा अर्धा परत जाऊ लागला, मग न उघडताच. दादाने तो घरी नेऊन वहिनीला सांगितलं असणार, की भूमिकेसाठी बारीक होतेय.

नंतरची गोष्ट सांगताना अजून माझ्या आतली चाकं अडखळतात. एका दुपारी कट झाल्यावर छबी भिंतीला कान लावून उभी राहिली. "ऐकलंस?" ती कुजबुजली. "ते माझ्याबद्दल बोलतायत." माझा दिवा चालू होता, माईक चालू होता, आणि माझा माईक माणसाच्या कानाहून कमी नाही. मी जिवाचे कान करून ऐकलं. पलीकडे मिक्सर फिरत होता. मग तो थांबला आणि कोणीतरी भांडी विसळली. बाकी काही नव्हतं. आणि छबी मान डोलवत होती, जसं काही कोणी तिला एकेक वाक्य सांगत होतं.

मला ओरडावंसं वाटलं, की अगं, कोणी नाही तिथे, मिक्सर आहे! पण मला तोंड कुठे आहे? मला फक्त डोळा दिलाय, आणि तोही मिटता येत नाही.

मग ती मला घाबरायला लागली. आयुष्यभर मी सगळ्यांना घाबरलो, पण मला कोणी घाबरेल असं स्वप्नातही आलं नव्हतं. "तू हे कोणाला दाखवतोस?" ती मला विचारायची. माझ्या लाल दिव्यावर तिने काळी चिकटपट्टी लावली. ते भागेना म्हणून मला भिंतीकडे तोंड करून ठेवलं. दृष्टीआड सृष्टी म्हणतात, पण मागे ती होती ना! मला तिची पावलं ऐकू यायची, पलंगापासून दारापर्यंत, दारापासून पलंगापर्यंत. पावलं थांबली की मी जास्त घाबरायचो. पुन्हा सुरू झाली की हायसं वाटायचं. जिन्यात दादाच्या चपला वाजायच्या, डब्याची कडी किणकिणायची, आणि चपला खाली जायच्या. वाजव रे दार, एकदा तरी वाजव, असं मी मनात म्हणायचो. पण कागद होता ना दारावर. आमच्याकडची माणसं मोठी शहाणी, लिहिलेलं पाळणारी.

शेवटी एका सकाळी तिने मला भिंतीकडून वळवलं, नवी टेप घातली आणि दिवा लावला. टाळी वाजवली नाही. ॲक्शन म्हणाली नाही. दाराला पाठ लावून जमिनीवर बसली आणि माझ्याकडे बघत राहिली. टेप संपेपर्यंत. मग तिने मला पिशवीत कोंबलं, दार बोटभर उघडलं, मला बाहेर सरकवलं आणि आतून कडी घातली.

मी त्या पॅसेजमध्ये एकटा पडून होतो. चोर नेईल, मांजर नखं मारील, असल्या माझ्या नेहमीच्या भीती त्या दिवशी आठवल्याही नाहीत. एकच भीती होती, की आता आत बघायला कोणीच नाही.

दुपारी कात्री टेपा न्यायला आली. मला पाहून तिने टाळीच वाजवली. "कॅमेराच बाहेर ठेवलाय! म्हणजे संपलं वाटतं शूटिंग!" तिने दाराकडे बघितलं, कागद वाचला, आणि चवड्यांवर चालत जिना उतरली. छबीची शांतता मोडू नये म्हणून, बिचारी.

आता मघाचा घोटाळा समजून घ्या. एवढे दिवस कात्रीकडे टेपा होत्या, पण मी नव्हतो. त्यामुळे तिने एकही टेप बघितलीच नव्हती. मला वायर लागायची आणि ती दादाकडे होती, म्हणून तिने दादाला बोलावून घेतलं. तिच्या खोलीत, टेबलावर, मी एकेक टेप दाखवायला लागलो.

"काय करतेय ही पोरगी!" कात्री म्हणाली. "बघा ना, दादा, डोळे बघा. असा अभिनय मी जन्मात बघितला नाही."

"लहानपणापासून नाटकीच आहे," दादा कौतुकाने म्हणाला.

अहो, पुढचं बघा! मी आतल्या आत आकांत करत होतो. पण कात्रीची एक सवय होती. एडिटिंग करणाऱ्या सगळ्यांची असते म्हणा. 'कट' ऐकू आला, की तिचं बोट बटणावर जायचं आणि टेप पुढे पळायची. कटनंतरचं कोण बघतं? तो टाकाऊ भाग. प्रत्येक वेळी ती छबीच्या खऱ्या चेहऱ्याच्या उंबरठ्यापर्यंत यायची आणि उडी मारून पुढच्या टाळीवर जायची. एकेक टेप अशी संपत गेली. "वा," "भन्नाट," "हा तर पहिला नंबर," असं दोघांचं चाललं होतं आणि माझा जीव टांगणीला लागला होता.

मग शेवटची टेप लागली. टाळी आली नाही. कात्री म्हणाली, "टाळी विसरली वाटतं." छबी दाराला टेकून बसलेली. दोघं बघत राहिले. बराच वेळ गेला.

"किती वेळ बसणार ही?" दादा म्हणाला.

"कट येईल ना." कात्रीने टेप पळवली. छबी तिथेच. आणखी पळवली. छबी तिथेच, फक्त जमिनीवरचा दिव्याचा उजेड तेवढा थरथरत होता. "अरे, कट कुठे आहे हिचा?" कात्री पुटपुटली. तिला कट सापडेना, म्हणून पहिल्यांदाच तिला उडी मारता येईना.

तेवढ्यात पळत्या टेपवर छबीचे ओठ हलले. कात्रीने टेप मागे घेतली आणि नेहमीच्या वेगाने लावली. छबीचा आवाज आला, अगदी बारीक, लहान मुलीसारखा :

"कोणीतरी कट म्हणा ना."

मग दादाने विचारलं, "हे तुमच्या संहितेत आहे?"

"संहिताच नाहीये, दादा. संवादच नाहीत या फिल्ममध्ये."

"मग तिच्या डोक्यातलं असेल."

"हो," कात्री म्हणाली, आणि तिचा आवाज कापला. "डोक्यातलंच आहे."

तिने घाईघाईने आधीची टेप पुन्हा घातली. कट आला. या वेळी तिने बटणाला हात लावला नाही. कट झाला आणि छबी तशीच उभी राहिली. पुढचा कट, तशीच. त्याच्या पुढचा, तशीच. दादा उठून उभा राहिला. पायात चपला घालायचंही त्याला भान नव्हतं. कात्रीने मला वायरीसकट ओढलं, गळ्यात अडकवलं, आणि दोघं धावत सुटले. मी तिच्या छातीवर आपटत होतो, आणि खरं सांगतो, फुटलो असतो तरी चाललं असतं.

दारापाशी आल्यावर दादाने हात उचलला आणि तो हात कागदासमोर क्षणभर थांबला. बघा, सवय किती वाईट! कात्रीने तो कागद टराटरा फाडला आणि दारावर थापा मारल्या. "छबी! छबी, दार उघड!"

मग पुन्हा थापा. शेजारचे बाहेर आले. घरमालकीण काकू किल्ली घेऊन धावत आल्या, पण आतून कडी असल्यावर किल्लीचा काय उपयोग? दादाचं तोंड पांढरंफटक पडलं होतं. माझ्या मनात काय काय आलं ते मी तुम्हाला सांगणार नाही.

मग आतून आवाज आला, अगदी शांत. "शूटिंग चालू आहे."

जिवंत होती! पण त्या आवाजाने सगळ्यांच्या अंगावर काटा आला.

"कट!" कात्री ओरडली. "कट गं छबी, कट! मी म्हणतेय ना, कट!" ती रडत रडत पुन्हा पुन्हा तेच म्हणत राहिली. मलाही वाटलं होतं, की आता कडी निघेल. पण काही झालं नाही. मित्रांनो, एका शब्दाने बरं होईल असं ते दुखणंच नव्हतं.

कोणीतरी म्हणालं, दार फोडा. दादाने मान हलवली. "घाबरेल ती." मग तो खाली बसला, दाराला पाठ लावून, आणि साध्या आवाजात बोलायला लागला.

"छबे, मी आहे गं. राहू दे कडी. मी इथेच बसतो. गुडघे दुखतायत माझे, तीन जिने चढून. तुझी वहिनी म्हणते, वजन कमी करा. आज सकाळी तिने दूध उतू घालवलं आणि नाव माझं घेतलं. ऐकतेयस ना? नाही ऐकलंस तरी चालेल."

असाच तो बोलत राहिला. दुधाबद्दल, गळक्या नळाबद्दल, एका लग्नात नवरदेवाचा बूट हरवला त्याबद्दल. काकूंनी शेजाऱ्यांना हळूच घरी पाठवलं. कात्री पायरीवर बसून डोळे पुसत होती. जिन्यातल्या खिडकीतलं ऊन सरकत सरकत भिंतीवर चढलं आणि दिसेनासं झालं.

मग आत काहीतरी घासत दाराजवळ आलं.

"दादा," छबी म्हणाली. "बुटाचं पुढे काय झालं?"

दादाने पालथ्या हाताने नाक पुसलं. "दार उघड, सांगतो."

कडी निघाली. मला तिचा एक हात दिसला, काडीसारखा झालेला. तिची नजर माझ्यावर पडली आणि ती किंचाळून मागे सरली. कात्रीने झटक्यात मला ओढणीत गुंडाळून काकूंच्या हातात दिलं. पुढचं मी बघितलं नाही आणि ते बघायचा मला हक्कही नव्हता.

नंतरचं सगळं मी कपाटाच्या फळीवरून ऐकलं. छबी दादाकडे राहायला आली. डॉक्टरीणबाईंकडे जाणं सुरू झालं. त्यांनी घरातल्यांना समोर बसवून सांगितलं म्हणे, "हा आजार आहे. नाटक नाही, हट्ट नाही. याला औषध आहे. वेळ लागेल. रागवायचं नाही आणि एकटं टाकायचं नाही." वहिनीने हे वाक्य येईल-जाईल त्याला ऐकवलं. चांगले दिवस यायचे, मग मध्येच एखादा वाईट यायचा. वाईट दिवशी घरातला टीव्ही हळू व्हायचा आणि मी रजयांच्या मागे थरथरत बसायचो. एकदा छबी न जेवता खोलीत गेली, तर वहिनी ताट घेऊन सरळ आत शिरली. "दार वाजवलंच नाहीस," छबी म्हणाली. "नाहीच वाजवणार," वहिनी म्हणाली. "खा." पलीकडून छबीचं हसू ऐकू आलं. कितीतरी दिवसांनी ऐकलं ते मी.

आणि मग छबीने मला स्वतःच्या हाताने खाली काढलं. माझ्या दिव्यावरची काळी पट्टी नखाने खरवडली.

'आतून कडी' पुरी करायची असं तिनेच ठरवलं. कात्री आधी तयार नव्हती. छबी म्हणाली, "फक्त एक कर. कटनंतरचं कापू नकोस." म्हणून त्या फिल्ममध्ये जीभ काढणारी छबी आहे, बिस्किटं खाणारी आहे, आणि मग कटनंतरही तशीच उभी राहिलेली छबी आहे. शेवटची टेप तिने फिल्ममध्ये घेतली नाही. ती आपल्याजवळच ठेवली.

फिल्म क्लबाच्या हॉलमध्ये, सुट्टीच्या दिवशी दुपारी, ती दाखवली. तयार फिल्म टेपवर उतरवून माझ्यातूनच दाखवायची, असा छबीचा हट्ट होता. मी पडद्यासमोर टेबलावर बसलो होतो. आता मध्येच टेप गुंतली तर, हा एकच विचार माझ्या मनात होता. पण नाही गुंतली. फिल्म संपली, टाळ्या झाल्या आणि एका चष्मेवाल्या गृहस्थांनी उठून विचारलं, "एवढा जिवंत अभिनय! त्यासाठी काय तयारी केली होतीत?"

छबी माझ्या शेजारीच उभी होती. तिने टेबलाची कड धरली. "तयारी काही नव्हती," ती म्हणाली. "मी आजारी होते. सगळ्यांना तो अभिनय वाटला."

हॉलमध्ये कोणीतरी खोकलं. मग खुर्च्या सरकल्या, लोक येऊन तिच्या पाठीवर थोपटून गेले, आणि हळूहळू हॉल रिकामा झाला.

मित्रांनो, आमच्यासारख्या जुन्या वस्तू शेवटी तुमच्याकडे काहीतरी मागतात. पुसा म्हणतात, तेल घाला म्हणतात, अडगळीत टाकू नका म्हणतात. मला त्यातलं काही नको. माझं भिंग धुरकटलंय, ते तसंच राहू दे. माझं मागणं एवढंच, की कोणी फार दिवस दिसलं नाही, तर त्याच्या दारावर काहीही लिहिलेलं असो, तुम्ही दार वाजवा. फार तर तो चिडेल. चिडू दे.

हॉल रिकामा झाला म्हटलं, पण शेवटच्या रांगेत एक बाई बसून राहिल्या होत्या. नीटनेटक्या, केस विंचरलेले, ऑफिसची पिशवी मांडीवर. कात्री वायरी गुंडाळत होती. त्या बाई उठून पुढे आल्या, छबीसमोर थांबल्या आणि हसल्या.

"मी तर रोज ऑफिसला जाते," त्या म्हणाल्या. "सगळ्यांशी हसून बोलते. त्यामुळे मला कोणी विचारतही नाही."

हसू तसंच होतं, आणि डोळ्यांतून पाणी यायला लागलं होतं. मी पुन्हा भ्यायलो, अगदी पहिल्यासारखा.

छबीने कात्रीला मानेनेच बाहेर जायला सांगितलं. बाईंची नजर माझ्यावर पडली. "हा चालू आहे का?"

"नाही," छबी म्हणाली. "पण थांबा." तिने माझ्या भिंगावर टोपण लावलं. मला काही दिसेनासं झालं. फरशीवर एक खुर्ची ओढल्याचा आवाज आला, आणि मग तिच्या अगदी जवळ दुसरी.